आरोप विषाचा, शिक्षा गैरकारभाराची : बडोद्याचं १८७५चं कमिशन

बडोद्याचे महाराज मल्हारराव गायकवाड यांची चौकशी झाली विषप्रयोगाच्या आरोपावरून आणि गादी गेली गैरकारभाराच्या कारणावरून. १८७५च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये बडोद्यात सहा जणांचं कमिशन बसलं, विलायतेहून नामांकित वकील आला, साक्षीदारांचे जबाब वर्तमानपत्रांत छापून आले. मग एप्रिलमध्ये इंग्रज सरकारने जाहीर केलं की आमचा निर्णय या चौकशीवर आधारलेलाच नाही.

आमच्या दांडिया बाजारातल्या घरात सयाजीराव महाराजांची तसबीर आहे, मल्हाररावांची नाही. शहरात काळा घोडा सयाजीरावांचा, बाग सयाजीरावांची, दवाखाना सयाजीरावांचा. तरीही विषय निघाला की माझे आजोबा मल्हाररावांच्या बाजूने बोलायचे. "त्यांचं वागणं चांगलं नव्हतं रे, पण त्यांना फसवलं," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. ज्या राजाच्या कारभाराला लोक विटले होते, त्याच्याबद्दल तिसऱ्या-चौथ्या पिढीत ही हळहळ आली कुठून? मला वाटतं, ती मल्हाररावांनी कमावलेली नव्हती. ती सरकारने त्यांना मिळवून दिली. कशी, ते या प्रकरणात बघायचं आहे.

गादी आणि गाऱ्हाणी

खंडेराव महाराज नोव्हेंबर १८७० मध्ये वारले. धाकटे भाऊ मल्हारराव त्या वेळी बडोद्याजवळच्या पादरा गावी नजरकैदेत होते. खंडेरावांविरुद्ध कट केल्याच्या संशयावरून १८६३ पासून त्यांना तिथे ठेवलं होतं. कैदेतला माणूस एकदम गादीच्या दारात आला. तेही पक्कं नव्हतं, कारण खंडेरावांच्या राणी जमनाबाई गरोदर होत्या. मुलगा झाला असता तर गादी त्याची. १८७१ मध्ये मुलगी झाली, ताराबाई, आणि मल्हारराव कायम झाले.

पुढचा कारभार सूडाचा आणि उधळपट्टीचा झाला. खंडेरावांच्या मर्जीतल्या लोकांवर संक्रांत आली. त्यांचे दिवाण भाऊ शिंदे तुरुंगातच मेले आणि त्यांना विष घातल्याची कुजबुज झाली. महसूल इजाऱ्याने दिला जाई. इजारदाराने दरबारात रक्कम भरायची आणि मग कुळांकडून जमेल तसं पिळून काढायचं. नेमणुकांसाठी नजराणे घेतले जात. सावकारांची पेढी जप्त करणं, फटके मारणं, बायकांना बळजबरीने वाड्यात लौंड्या म्हणून ठेवणं, अशा तक्रारी होत्या. खंडेरावांनी चांदीच्या तोफा करवल्या होत्या, मल्हाररावांनी सोन्याच्या करवल्या. शेतकऱ्याच्या घरात पेरणीला बी नाही आणि इकडे तोफा सोन्याच्या, अशी ती परिस्थिती. त्यामुळे मल्हाररावांना कुणी निष्पाप देवमाणूस ठरवू लागलं की मला ते पटत नाही.

मार्च १८७३ मध्ये कर्नल रॉबर्ट फेयर रेसिडेंट, म्हणजे दरबारातले इंग्रज सरकारचे प्रतिनिधी, म्हणून आले. स्वभावाने तापट, आणि एकदा मत झालं की ते सोडणार नाहीत. कॅम्पातल्या रेसिडेन्सीत गाऱ्हाणी घेऊन येणाऱ्यांची रीघ लागली आणि फेयरसाहेबांनी ती मुंबई सरकारकडे धाडली. त्यातून कर्नल रिचर्ड मीड यांच्या अध्यक्षतेखाली पहिलं कमिशन नेमलं गेलं. १८७३च्या अखेरीला त्याने बडोद्यात तक्रारी ऐकल्या आणि पुढच्या वर्षाच्या सुरुवातीला अहवाल दिला. या पहिल्या कमिशनबद्दल फारसं कुणी बोलत नाही, पण या सगळ्या प्रकरणातला त्यातल्या त्यात सरळ भाग हाच. प्रश्न नेमका होता: राज्य कसं चाललंय? उत्तर आलं: वाईट. त्यावरून व्हाइसरॉय लॉर्ड नॉर्थब्रुक यांनी २५ जुलै १८७४ रोजी मल्हाररावांना कळवलं की ३१ डिसेंबर १८७५ पर्यंत कारभार सुधारा, नाहीतर अधिकार काढून घेऊ.

ही तारीख लक्षात ठेवा.

सुधारणेसाठी मल्हाररावांनी दिवाण म्हणून दादाभाई नवरोजींना आणलं. दादाभाईंनी बरोबर बाळ मंगेश वागळे, होरमसजी वाडिया, काझी शहाबुद्दीन अशी तयारीची माणसं आणली. दरबारातली जुनी मंडळी त्यांना उभं राहू देईनात आणि रेसिडेंटला तर ही नेमणूकच पसंत नव्हती. इकडे आड तिकडे विहीर अशा अवस्थेत दादाभाईंनी काही महिने काढले आणि जानेवारी १८७५ मध्ये ते बाहेर पडले. फेयर आणि दादाभाई एकमेकांना थोडं सहन करते तर पुढचं काहीच घडलं नसतं, असं मला अनेकदा वाटतं. पण इतिहासात असल्या जर-तरला कोण विचारतो!

पपनसाचं सरबत

९ नोव्हेंबर १८७४ची सकाळ. फेयरसाहेब फिरून आले. टेबलावर नेहमीप्रमाणे पपनसाच्या रसाचं सरबत ठेवलेलं होतं. दोन-तीन घोट घेतले आणि त्यांना कसंसंच वाटू लागलं. उरलेलं त्यांनी खिडकीतून बाहेर ओतलं, तर पेल्याच्या तळाशी काळपट गाळ दिसला. रेसिडेन्सीचे डॉक्टर सीवर्ड यांनी तो तपासला आणि सोमल (आर्सेनिक) असल्याचं सांगितलं. मुंबईला पाठवलेल्या नमुन्यात डॉक्टर ग्रे यांना सोमलाबरोबर हिऱ्याची पूडही आढळली.

हिऱ्याच्या पुडीने गोष्टीला वेगळाच रंग चढला. हिरकणी खाऊन जीव देणं ही आपल्याकडची जुनी कल्पना, कहाण्यांमध्ये हमखास येणारी. राजाला कुणाला मारायचं झालं तर तो हिरकणीच वापरणार, हे ऐकणाऱ्याला आपोआप खरं वाटतं. वैद्यकाच्या दृष्टीने हिऱ्याची पूड म्हणजे काही जालीम विष नव्हे, पण आरोप लोकांच्या मनात बसवायला तिच्याएवढी सोय दुसरी कुठली?

त्याच्या आठवडाभर आधी, २ नोव्हेंबरला, मल्हाररावांनी व्हाइसरॉयला खलिता पाठवून फेयर यांना परत बोलवा अशी मागणी केली होती. तिच्यामागे एक घरगुती कारण होतं. मे १८७४ मध्ये मल्हाररावांनी लक्ष्मीबाईंशी लग्न केलं आणि ऑक्टोबरमध्ये त्यांना मुलगा झाला. लग्न आणि जन्म यांतलं अंतर पाच महिन्यांचं. फेयर त्या मुलाला वारस मानायला तयार नव्हते. म्हणजे वैराला कारण होतं. पण बचावाच्या बाजूने तितकंच सरळ विचारता येत होतं: ज्याला हलवा म्हणून सरकारकडे रीतसर अर्ज केलाय, त्यालाच आठवडाभरात विष घालण्याचा अडाणीपणा राजा कशाला करील? नॉर्थब्रुकना स्वतःलाही फेयर नको झाले होते. नोव्हेंबर संपायच्या आत त्यांच्या जागी सर लुईस पेली यांना नेमायचं ठरलं.

तपास मुंबईचे पोलीस कमिशनर फ्रँक सूटर यांच्याकडे आला. रेसिडेन्सीतले हवालदार रावजी आणि जमादार नरसू फुटले. महाराजांच्या सांगण्यावरून सरबतात पूड घातली, असा कबुलीजबाब त्यांनी दिला. रावजीला माफीचं आश्वासन मिळालं होतं. नरसूला तसलं काही मिळालं नव्हतं, आणि कबुलीनंतर त्याने विहिरीत उडी घेतली. त्याला बाहेर काढलं गेलं. महाराजांचे खासगी चिटणीस दामोदरपंत गोऱ्या शिपायांच्या पहाऱ्यात ठेवले गेले, आणि काही दिवसांनी त्यांनीही सोमल आणि हिरे आपणच महाराजांच्या हुकमाने मिळवल्याचं सांगितलं.

१४ जानेवारी १८७५ रोजी, संक्रांतीच्या सुमारास, मल्हाररावांना अटक झाली. राज्याचा कारभार पेलींच्या हाती गेला. त्या वेळच्या जाहीरनाम्यात सरकारने एक वचन दिलं: चौकशीचा निकाल काहीही लागो, बडोद्यात पुन्हा देशी राज्यच स्थापन केलं जाईल. हे वचन का द्यावं लागलं, ते मराठी माणसाला सांगायला नको. सातारा १८४८ ला खालसा झालं, नागपूर १८५४ ला. ज्यांच्या डोळ्यांदेखत हे झालं ती माणसं अजून हयात होती. साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांच्या वेळी तर १८३६ मध्ये कमिशन बसलं ते गुप्तपणे. महाराजांना साक्षीपुरावा दाखवला नाही, उलटतपासणी करू दिली नाही, आणि १८३९ मध्ये गादीवरून काढून काशीला पाठवलं. त्यांची बाजू मांडायला रंगो बापूजी लंडनला गेले आणि चौदा वर्षं तिथे दारं ठोठावत राहिले.

नॉर्थब्रुकना साताऱ्याचा डाग पुन्हा लावून घ्यायचा नव्हता. त्यांनी उघड चौकशी ठेवली, वकील देऊ दिला, आणि कमिशनमध्ये हिंदी माणसं बसवली. हेतूबद्दल मी त्यांना पूर्ण गुण देतो. फसलं ते पुढे.

सहा माणसं

अध्यक्ष होते सर रिचर्ड कौच, बंगालचे चीफ जस्टिस. दुसरे सर रिचर्ड मीड, तिसरे पंजाबातले अधिकारी मेलव्हिल. हिंदी बाजूने ग्वाल्हेरचे जयाजीराव शिंदे, जयपूरचे सवाई रामसिंह आणि ग्वाल्हेरचे माजी दिवाण सर दिनकरराव राजवाडे.

तीन गोरे, तीन हिंदी. अध्यक्षाला निर्णायक मत नाही. सरकारने हा समतोल विश्वास मिळवण्यासाठी साधला, पण त्याचबरोबर समसमान फाटण्याची सोयही करून ठेवली. भावाभावांच्या वाटणीला पंच नेमताना पंचांची संख्या विषम ठेवतात, एवढं खेड्यातल्या पाटलालाही कळतं.

मीड यांचं नाव मात्र जास्त खटकतं. याच माणसाने आदल्या वर्षी मल्हाररावांचा कारभार वाईट ठरवला होता. आता तोच माणूस त्यांच्या विषप्रयोगाचा न्याय करायला बसला. आणि निकालानंतर बडोद्याचा तात्पुरता कारभार बघायला सरकारने कुणाला नेमलं? मीड यांनाच! आधी तक्रारी ऐकणारा, मग न्याय करणारा, मग राज्य चालवणारा, सगळं एकाच डोक्यावरच्या टोपीखाली. मीड व्यक्ती म्हणून अप्रामाणिक होते असं मी म्हणत नाही. पण रस्त्यावरच्या माणसाला व्यक्तीचं मन दिसत नाही, खुर्ची दिसते.

हिंदी सभासदांकडेही नीट पाहायला हवं, कारण त्यांचा वेगळा निकाल "हे आपापल्यात सांभाळून घेणार" म्हणून झटकता येण्यासारखा नव्हता. जयाजीराव १८५७ मध्ये इंग्रजांच्या बाजूने राहिले, इतके की त्यांच्याच सैन्याने त्यांना ग्वाल्हेर सोडायला लावलं. त्या धामधुमीत त्यांचे दिवाण दिनकररावच होते, आणि इंग्रज त्यांच्या मुत्सद्दीपणाचं कौतुक करत. रामसिंह व्हाइसरॉयच्या कायदेमंडळात बसलेले. सरकारची मर्जी गमावण्यात या तिघांचाही फायदा नव्हता.

कमिशन २३ फेब्रुवारीला सुरू झालं. सरकारतर्फे मुंबईचे अॅडव्होकेट जनरल स्कोबल, महाराजांतर्फे लंडनहून आणलेले सार्जंट बॅलंटाइन (सार्जंट हा तिथल्या बड्या वकिलांचा किताब). त्यांची फी दहा हजार पौंड होती, आणि त्या काळात हा आकडा खटल्याइतकाच चर्चेचा झाला होता.

बॅलंटाइननी पैसे वसूल करून दिले, असंच म्हणायला हवं. एका पट्ट्याची गोष्ट तर ऐकण्यासारखी आहे. रावजीच्या चपराशीच्या पट्ट्यात सोमलाची पुडी सापडल्याचं पोलीस सांगत होते. पण पुडी सापडली तेव्हा पट्टा रावजीच्या अंगावर नव्हता, तो दुसराच एक शिपाई वापरत होता. पुडी शोधली ती कुणी, तर सूटर यांच्या हाताखालच्या अकबरअली या पोलीस अधिकाऱ्याने. रावजीची कबुली घेणाऱ्या मंडळींपैकीच हे एक. इतके आठवडे पुडी पट्ट्यात राहिली, वापरणाऱ्याला जाणवली नाही, आणि पोलिसांनी हात लावताच हाताला आली! बॅलंटाइननी यावर किती झोड उठवली असेल ते सांगायला नको. हिरे विकल्याचा ज्याच्यावर आरोप होता तो जवाहिऱ्या साक्षीला उभा राहिला आणि म्हणाला, माझा आधीचा जबाब पोलिसांनी दडपणाखाली लिहून घेतला.

साक्षीदार कोण, तर माफीचा साक्षीदार, विहिरीत उडी टाकलेला जमादार, पहाऱ्यात ठेवून बोलता केलेला चिटणीस. यांच्या जोरावर राजाला दोषी ठरवायचं की नाही, एवढाच प्रश्न होता. मला विचाराल तर महाराजांनी रेसिडेन्सीच्या नोकरांना पैसे चारले असणार. बातम्या काढण्यासाठी असे पैसे त्या काळात सगळेच दरबार चारत. त्यापुढे जाऊन त्यांनी विष घालायला लावलं का, ते या पुराव्यावरून सांगता येत नाही. निर्दोष म्हणायलाही माझी जीभ वळत नाही.

नेमकं हेच कमिशनलाही झालं. मार्चअखेर मतं आली. तिघा इंग्रजांनी विषप्रयोगाला महाराजांची फूस होती असं ठरवलं. शिंदे आणि दिनकरराव यांनी ते सिद्ध झालेलं नाही म्हटलं. जयपूरकरांनीही दोषी धरलं नाही. पुरावा एक, ऐकणारे सहा, आणि मतं पडली ती नेमकी कातडीच्या रंगावरून.

तीन-तीनचं काय करायचं?

इथे सरकारपुढे तीन वाटा होत्या. मतभेद आहे म्हणून आरोप सोडून द्यायचा आणि मल्हाररावांना डिसेंबरअखेरपर्यंतची दिलेली मुदत पुरी करू द्यायची. किंवा तिघा इंग्रजांचं मत ग्राह्य धरून दोषी ठरवायचं. किंवा तिसरंच काहीतरी.

नॉर्थब्रुक यांच्या सरकारचा कल दुसऱ्या वाटेकडे होता. लंडनमध्ये भारतमंत्री लॉर्ड सॉल्सबरी यांना ते पटेना. शिंदे आणि जयपूरकर यांच्यासारख्यांचा निकाल डावलून गोऱ्यांचा उचलला, तर सगळे संस्थानिक काय म्हणतील? मग तिसरी वाट निघाली. १९ एप्रिल १८७५च्या जाहीरनाम्यात म्हटलं की हा निर्णय चौकशीच्या निकालावर घेतलेला नाही, आरोप खरे ठरले असं गृहीत धरूनही नाही. महाराज गादीवर आल्यापासूनचं त्यांचं वर्तन, घोर गैरकारभार आणि सुधारणा करण्याची उघड अपात्रता यांमुळे त्यांना दूर केलं जात आहे. त्यांच्या संततीचाही गादीवर हक्क राहणार नाही.

आता ती तारीख आठवा. ३१ डिसेंबर १८७५. सुधारणेची मुदत संपायला आठ महिने बाकी होते, आणि आधीचे तीन महिने माणूस अटकेत होता.

कायद्याचा काथ्याकूट केला तर सरकारची बाजू मांडता येते. कमिशन हे कोर्ट नव्हतं. त्याचं काम चौकशी करून मत देण्याचं, निर्णय व्हाइसरॉयचा. हे पहिल्यापासून कागदावर होतं. पण लोकांनी पाहिलं काय? चीफ जस्टिस अध्यक्ष, दोन्हीकडे वकील, उलटतपासणी, साक्षी-पुरावे. दिसायला सगळं कोर्ट. कोर्टासारखं दिसणारं काही उभं केलं की लोक त्याच्याकडून कोर्टासारखा निवाडा मागणारच. तो आला नाही, आणि जे आलं ते चौकशीत विचारलंच गेलं नव्हतं. इजाऱ्याबद्दल, फटक्यांबद्दल, लौंड्यांबद्दल या दुसऱ्या कमिशनपुढे एकही साक्ष झाली नाही. मल्हाररावांना त्यावर बचाव मांडायची संधी नव्हती. आणि ज्यांनी मीड यांच्यापुढे १८७३ मध्ये जीव मुठीत धरून गाऱ्हाणी सांगितली होती, त्यांच्या गाऱ्हाण्यांचाही न्याय झाला नाही. निकाल त्यांच्या नावाने लागला, पण त्यांना विचारून नाही.

त्या रयतेची बाजू बहुतेक लिखाणात सुटते. पहिलं कमिशन बडोद्याच्या सामान्य माणसाचं होतं. सरकार आपलं ऐकतं, असं निदान काही शेतकऱ्यांना आणि सावकारांना त्या दोन महिन्यांत वाटलं असेल. दुसऱ्या कमिशनने सगळा विषय एका पेल्यात आणून ठेवला. त्यानंतर प्रश्न राहिला एकच: फेयरला विष घातलं की नाही? राजा वाईट आहे का, हा प्रश्न मागे पडला आणि राजाला फसवलं का, हा पुढे आला. माझ्या आजोबांचं वाक्य तिथून आलंय.

पडसाद

मल्हाररावांना मद्रासला पाठवलं. ते १८८२ मध्ये तिथेच वारले. बडोद्यात एप्रिलअखेर गडबड झाली. दुकानं बंद झाली, लक्ष्मीबाईंच्या मुलाला गादीवर बसवण्याचा प्रयत्न झाला, तो लष्कराच्या बळावर मोडावा लागला. मुद्दाम लक्षात घेण्यासारखं हे की ज्या राजाच्या काळात शहर त्रासलं होतं, त्याच्यासाठी दुकानं बंद झाली.

२७ मे १८७५ रोजी जमनाबाईंनी नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याच्या गोपाळरावाला दत्तक घेतलं. बारा वर्षांचा तो मुलगा सयाजीराव झाला. सर टी. माधवराव दिवाण झाले आणि १८८१ मध्ये सयाजीरावांना पूर्ण अधिकार मिळाले. पुढची गोष्ट सगळ्यांना माहीत आहे. सयाजीरावांचं राज्य इतकं उजळ निघालं की मल्हारराव प्रकरण बडोद्याच्या अभिमानाच्या गोष्टीत अडचणीचं पान होऊन बसलं.

बडोद्याबाहेर मात्र ते विसरलं गेलं नाही. पुण्याची सार्वजनिक सभा तेव्हा पाच वर्षांची होती. तिने या प्रकरणात सरकारकडे दाद मागितली. संस्थानिकासाठी पुण्यातले वकील, शिक्षक, सावकार एकत्र येऊन अर्ज करतात, ही नवी गोष्ट होती. मल्हारराव गैरहजेरीतच त्यांचे नेते झाले. वासुदेव बळवंत फडके यांनीही पुण्यात या पदच्युतीविरुद्ध भाषणं केली, आणि चारच वर्षांत, १८७९ मध्ये, ते बंडात पकडले गेले. कलकत्त्याच्या अमृत बझार पत्रिकेने बडोद्यावरून इतकं तिखट लिहिलं की ते विलायतेतल्या भारतमंत्र्यांच्या कचेरीपर्यंत पोचलं. देशी वर्तमानपत्रांना वेसण घालणारा कायदा १८७८ मध्ये आला. त्याला एकटं बडोदं कारण होतं असं नाही, पण चिडलेल्या कागदांच्या ढिगात बडोद्याचे कागद होते.

दादाभाईंचं काय झालं, हेही सांगायला हवं. बडोद्यातून ते कडवट होऊन बाहेर पडले. हिंदुस्थानची संपत्ती विलायतेला वाहून जाते, हे त्यांचं अर्थशास्त्र आधीपासून तयार होत होतंच, पण एका राज्याचा कारभार आतून सुधारायला गेलं की रेसिडेंट काय करू शकतो, ते त्यांनी स्वतः भोगलं होतं. त्यांच्यासारख्या मवाळ माणसाचा हा अनुभव, तर इतरांचं विचारायलाच नको.

आता थोडं आजचं. पादरा हे नाव आलं की हल्ली गंभीरा पूल आठवतो, ९ जुलै २०२५ रोजी कोसळलेला. त्याआधी १८ जानेवारी २०२४ रोजी हरणी तलावात बोट उलटून बारा मुलं आणि दोन शिक्षिका गेल्या. दोन्ही वेळी चौकशी नेमली गेली. "समिती नेमली" हे शब्द ऐकले की शहरात मान हलते ती कुठल्या अर्थाने, ते इथे राहणाऱ्याला ठाऊक आहे. आपला चौकशी आयोगाचा कायदा १९५२चा. त्यातही आयोगाचं मत सरकारवर बंधनकारक नाही, म्हणजे १८७५ची मूळ मेख तशीच आहे. फरक दोन ठिकाणी पडला. ज्याच्या नावलौकिकाला धक्का बसणार त्याला आपली बाजू मांडायची संधी द्यावी लागते, आणि अहवाल व त्यावर काय केलं याची टिपणी सहा महिन्यांत विधिमंडळापुढे ठेवावी लागते. मल्हाररावांच्या वेळी ही दुसरी अट असती, तर "निर्णय चौकशीवर नाही" हे वाक्य कुठल्या तोंडाने लिहिलं असतं?

संस्थानिकांपुरतं इंग्रज सरकारने १८७५ पासून काही धडा घेतला का? घेतला, कागदावर. १९२० मध्ये ठराव झाला की एखाद्या संस्थानिकाचे अधिकार काढायचे असतील तर आधी त्याला कमिशन मागण्याची संधी द्यायची, आणि त्या कमिशनवर हायकोर्टाचा न्यायाधीश आणि संस्थानिकही असतील. या सोयीची परीक्षा मराठी राज्यातच झाली. १२ जानेवारी १९२५ रोजी मुंबईला मलबार हिलवर अब्दुल कादिर बावला या व्यापाऱ्याचा खून झाला. त्यात इंदूर दरबाराशी संबंधित माणसांना शिक्षा झाल्या. इंदूरचे महाराज तुकोजीराव होळकर यांच्यापुढे सरकारने पर्याय ठेवला: कमिशनपुढे या, किंवा गादी सोडा.

होळकरांना कमिशन म्हणजे काय ते माहीत होतं. फेब्रुवारी १९२६ मध्ये त्यांनी मुलासाठी गादी सोडली, आणि सोडताना लिहून दिलं की यापुढे माझी चौकशी होणार नाही या समजुतीवर मी हे करतो आहे.